कट सिद्ध कसा होतो? : परिस्थितीजन्य पुराव्याची एक चिकित्सा

मागच्या व्याख्यानात आपण अनुमानाची ओळख करून घेतली. धूर आणि अग्नी झाले, व्याप्ती झाली, हेत्वाभासही थोडेफार झाले. त्यानंतर काही श्रोत्यांनी विचारले, सर, हे सगळे ठीक आहे, पण याचा आज उपयोग कुठे होतो? आम्ही म्हटले, न्यायालयात. वर्गात अनुमान चुकले तर दोन गुण जातात. न्यायालयात चुकले तर माणूस फासावर जातो, किंवा मारेकऱ्याला पाठवणारा घरी जातो. म्हणून आजचा विषय घेतला आहे तो असा : खुनाचा कट प्रत्यक्ष कोणी पाहिलेला नसतो, मग तो परिस्थितीजन्य पुराव्यावरून सिद्ध कसा होतो, आणि व्हावा कसा?

एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. आम्ही वकील नाही. तत्त्वज्ञान शिकवण्यात आयुष्य गेले. निकालपत्रे मात्र पूर्वीपासून वाचत आलो, कारण त्यांत माणसे खरोखर विचार करताना दिसतात, आणि कधी कधी विचार करताना थकलेलीही दिसतात. त्यामुळे आज जे बोलू ती तर्काच्या बाजूने केलेली टीका आहे. कायद्याचा सल्ला म्हणून ती कोणी घेऊ नये.

सुरुवात पुण्यापासून करू. २० ऑगस्ट २०१३ च्या सकाळी डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा ओंकारेश्वराजवळच्या महर्षी शिंदे पुलावर गोळ्या झाडून खून झाला. त्या पुलावरून आम्हीही कित्येक वर्षे सकाळचे फिरायला जात असू. १० मे २०२४ रोजी, म्हणजे जवळजवळ अकरा वर्षांनी, पुण्याच्या विशेष न्यायालयाने निकाल दिला. गोळ्या झाडणाऱ्या दोघांना जन्मठेप झाली, उरलेले तिघे निर्दोष सुटले. निकालात न्यायाधीशांनी असे म्हटले की खून नीट आखून केलेला आहे, गोळ्या झाडणारे हे त्याचे सूत्रधार नव्हेत, सूत्रधार दुसरेच कोणी आहेत, आणि त्यांना शोधून काढण्यात पुणे पोलीस आणि सीबीआय दोघेही अपयशी ठरले.

आता बघा, ही परिस्थिती तर्काच्या दृष्टीने किती विलक्षण आहे. हात सापडले, कारण हातांना पाहणारे साक्षीदार होते. डोके आहे हे न्यायालयाला मान्य आहे. पण ते कोणाचे, हे सिद्ध नाही. निकाल ऐकला त्या दिवशी आम्हालाही फार वाईट वाटले. मनात आले, एवढे सगळे दिसत असताना न्यायालयाला दिसू नये? मग आम्ही स्वतःलाच विचारले : दिसते म्हणजे काय दिसते? आपण पाहिले काय आणि त्यावरून जुळवले काय? आजचे व्याख्यान त्या प्रश्नातून निघाले आहे.

आधी कायदा थोडक्यात. भारतीय दंड संहिता १८६० ची. तिच्यात कलम १२०-अ आणि १२०-ब, म्हणजे फौजदारी कटाचा स्वतंत्र गुन्हा, १९१३ साली घातला गेला. आता भारतीय न्याय संहितेत तेच कलम ६१ मध्ये आले आहे. या गुन्ह्याचा गाभा एकच, तो म्हणजे संगनमत. दोन किंवा अधिक माणसांनी गुन्हा करायचे ठरवले की कट पूर्ण झाला. खून करायचे ठरले आणि खून झालाच नाही, तरी कट हा गुन्हा झालेलाच असतो.

म्हणजे इथे सिद्ध काय करायचे आहे? एक ठरणे. दोन मनांत घडलेली एक गोष्ट. सुरी दाखवता येते, रक्ताचा डाग दाखवता येतो, पण ठरणे कसे दाखवणार? म्हणून जवळजवळ प्रत्येक निकालात एक वाक्य भेटते, की कट हा अंधारात शिजतो, त्याचा थेट पुरावा क्वचितच मिळतो, म्हणून तो परिस्थितीवरून अनुमानानेच काढावा लागतो. वाक्य खरे आहे. पण त्या वाक्याच्या वापरात एक घसरण आहे, तिच्याकडे थोड्या वेळाने येऊ.

परिस्थितीजन्य पुराव्याची कसोटी आपल्याकडे ज्या निकालाने पक्की केली तोही पुण्याच्याच खटल्यातला. शरद बिरधीचंद सारडा विरुद्ध महाराष्ट्र राज्य, १९८४. लग्नाला चार महिने झालेली तरुण पत्नी जून १९८२ मध्ये पोटॅशियम सायनाइडने मरण पावली. सत्र न्यायालयाने नवऱ्याला फाशी दिली, उच्च न्यायालयाने ती कायम केली. सर्वोच्च न्यायालयात तो निर्दोष सुटला. तिने बहिणीला आणि मैत्रिणीला लिहिलेल्या पत्रांतून तिचे दुःख दिसत होते, आणि तिने स्वतःच विष घेतले असण्याची शक्यता सरकार पक्षाला दूर करता आली नाही. न्यायमूर्ती फजल अली यांनी त्या निकालात पाच तत्त्वे मांडली आणि त्यांना पंचशील म्हटले.

ती आमच्या शब्दांत सांगतो. एक, ज्या परिस्थितीवरून अनुमान काढायचे ती स्वतः पूर्ण सिद्ध झालेली हवी. दोन, सिद्ध झालेल्या गोष्टी फक्त अपराधाशीच जुळल्या पाहिजेत. तीन, त्या निर्णायक स्वरूपाच्या हव्यात. चार, सिद्ध करायच्या गोष्टीखेरीज दुसरी प्रत्येक शक्यता त्यांनी वगळली पाहिजे. पाच, पुराव्याची साखळी इतकी पूर्ण हवी, की आरोपी निर्दोष आहे असे मानायला वाजवी आधार उरू नये आणि सर्व मानवी संभाव्यतेनुसार कृत्य त्यानेच केले असे दिसावे.

आमच्या क्षेत्रातल्या माणसाला हे वाचताना देवदत्त आठवतो. मीमांसकांचा देवदत्त. तो लठ्ठ आहे आणि दिवसा जेवत नाही, हे दोन्ही पक्के ठाऊक आहे. तेव्हा तो रात्री जेवत असला पाहिजे. याला अर्थापत्ती म्हणतात. दुसरे काहीही मानले तर दिसणाऱ्या गोष्टीची उपपत्ती लागत नाही, म्हणून हे मानायचे. यातले ‘दुसरे काहीही मानले तर’ हे शब्द महत्त्वाचे आहेत. देवदत्ताला एखादा आजार असेल आणि त्यामुळे अंगावर सूज असेल, तर अर्थापत्ती कोसळते. सारडा खटल्यात नेमके हेच झाले. आत्महत्येची शक्यता जिवंत राहिली आणि खुनाचे अनुमान कोसळले.

पंचशीलातही एक फट आहे. चौथे तत्त्व म्हणते, प्रत्येक शक्यता वगळा. पाचवे म्हणते, मानवी संभाव्यता पुरे. या दोन मागण्या एकच नाहीत. तर्कशुद्ध अर्थाने प्रत्येक शक्यता वगळता येत नाही, येतात त्या वाजवी शक्यता. आणि वाजवी म्हणजे काय, हे शेवटी न्यायाधीशाचे मन ठरवते. शिवाजी साहेबराव बोबडे खटल्यात, १९७३ साली, न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी ‘अपराधी असू शकेल’ आणि ‘अपराधी असलाच पाहिजे’ यांतले अंतर फार लांबचे आहे असे बजावले. त्याच निकालात त्यांनी हेही बजावले, की संशयाचे फाजील लाड करून अपराध्यांना सोडत राहिलात तर लोकांचा कायद्यावरचा विश्वास उडेल. दोन्ही बाजू खऱ्या आहेत. चिकित्सा करायची ती दोन्ही बाजू डोळ्यांसमोर ठेवून.

आता कटाकडे येऊ. साध्या खुनात एक अनुमान असते : परिस्थितीवरून कृत्याकडे. कटात पायऱ्या दोन असतात. परिस्थितीवरून संगनमताकडे जायचे, आणि संगनमतावरून दुसऱ्याच्या कृत्याची जबाबदारी याच्या माथी टाकायची. त्यात पुरावा कायद्याचे जुने कलम १० येते, नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ते कलम ८ आहे. ते म्हणते, काही माणसांनी कट केला असे मानायला वाजवी कारण असेल, तर त्यांतल्या एकाने समान हेतूच्या संदर्भात केलेले किंवा बोललेले इतरांविरुद्धही पुरावा म्हणून घेता येईल.

इथे आमच्यासारख्याला लगेच अन्योन्याश्रय दोष दिसतो. ‘अ’चे बोलणे ‘ब’विरुद्ध का घ्यायचे? तर दोघे कटात आहेत म्हणून. दोघे कटात आहेत हे कशावरून? तर ‘अ’च्या बोलण्यावरून. किल्ली पेटीत आणि पेटीला कुलूप! कायदा लिहिणाऱ्यांना हे कळत नव्हते असे नाही. ‘मानायला वाजवी कारण असेल’ ही अट त्यासाठीच आहे. म्हणजे आधी बाहेरून, स्वतंत्र पुराव्याने, कटाचा प्राथमिक आधार दाखवा, मग हे दार उघडेल. पण सगळा पुरावा एकाच गठ्ठ्यात न्यायालयासमोर येतो. कोणता आधीचा आणि कोणता त्या आधारावर आत आलेला, हे वेगळे ठेवायला न्यायाधीशाच्या मनाला फार शिस्त लागते.

ती शिस्त कशी असते याचा नमुना म्हणून मिर्झा अकबर खटला पाहावा. प्रिव्ही कौन्सिल, १९४०. नवऱ्याचा खून भाडोत्री माणसाकडून करवल्याचा आरोप, पत्नी आणि तिचा प्रियकर यांच्यावर कटाचा खटला. दोन प्रकारचा पुरावा होता. एक, खुनाआधी दोघांनी एकमेकांना लिहिलेली पत्रे, ज्यांत नवऱ्याला दूर करण्याचा आणि त्यासाठी पैसे उभे करण्याचा विषय होता. दोन, अटकेनंतर पत्नीने दंडाधिकाऱ्यासमोर दिलेला जबाब. प्रिव्ही कौन्सिलने म्हटले, पत्रे चालतील, कारण ती कट चालू असताना, कटाच्याच कामासाठी लिहिली गेली. जबाब चालणार नाही. तो दिला तेव्हा समान हेतू संपलेला होता. झालेल्या गोष्टीची हकिगत वेगळी आणि होऊ घातलेल्या गोष्टीतली हालचाल वेगळी. जबाब बाजूला ठेवला आणि तरीही शिक्षा कायम राहिली, कारण पत्रे स्वतःच्या बळावर उभी होती. म्हणजे शिस्त पाळली की अपराधी सुटतोच, हे खरे नाही.

आता दुसरा निकाल, ज्याच्यावर आमचे समाधान होत नाही. केहर सिंग खटला, १९८८. ३१ ऑक्टोबर १९८४ रोजी पंतप्रधान इंदिरा गांधी यांचा त्यांच्याच दोन अंगरक्षकांनी खून केला. बेअंत सिंग तिथेच मारला गेला, सतवंत सिंग जखमी झाला. केहर सिंग हा बेअंतचा नातलग, सरकारी कार्यालयातला कर्मचारी. घटनास्थळी तो नव्हता. त्याच्याविरुद्ध पुरावा होता तो सगळा परिस्थितीचा. ऑक्टोबरमध्ये बेअंतच्या घरी दोघे गच्चीवर जाऊन पंधरावीस मिनिटे बोलत बसले. बेअंतच्या पत्नीने विचारले तेव्हा कोणाला तरी अमृत देण्याविषयी बोलणे चालले होते असे केहर सिंगने सांगितले. नंतर दोन्ही कुटुंबे अमृतसरला गेली, तिथेही दोघे बायकांपासून वेगळे राहिले. खुनानंतर केहर सिंगने जे उद्गार काढले त्यांचा आशय असा, की पंथाशी टक्कर घेणाऱ्याचे असेच होणार.

सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, अमृताची गोष्ट लपून बोलण्याची नव्हे, तेव्हा बोलणे दुसरेच होते, आणि ते कटाचेच होते. आपण या वाक्याचे दोन तुकडे करू. ‘बोलणे दुसरेच होते’ हे अनुमान बरे आहे. ‘ते कटाचेच होते’ हे मात्र वेगळे अनुमान आहे, आणि पहिल्याचा जोर दुसऱ्याला आपोआप मिळत नाही. जून १९८४ मध्ये सुवर्णमंदिरात लष्करी कारवाई झालेली होती. त्या चार महिन्यांत दोन शीख पुरुष गच्चीवर जाऊन संतापाने, दुःखाने, सरकारविरुद्ध काय काय बोलले असतील! बायकोला सांगू नये असे पुष्कळ असते. सहानुभूती, चिथावणी, नुसते माहीत असणे आणि ठरवणे या चार वेगळ्या गोष्टी आहेत. कट म्हणजे फक्त चौथी. न्यायशास्त्राच्या भाषेत हा हेतू सव्यभिचारी आहे, तो साध्य असताना आढळतो आणि नसतानाही आढळतो.

आम्ही केहर सिंगला निर्दोष ठरवत नाही, हे नीट ऐका. तो कटात असेलही. आमचे म्हणणे एवढेच, की ‘असेल’ आणि ‘असलाच पाहिजे’ यांतले ते लांबचे अंतर इथे चालून पार झालेले नाही, उडी मारून पार झाले आहे. त्याच निकालात तिसरा आरोपी बलबीर सिंग निर्दोष सुटला. त्याच्याजवळ सापडलेल्या कागदावर काही तारखा आणि नोंदी होत्या, पण त्यांतून कट वाचता येत नाही, असे न्यायालय म्हणाले. ते अगदी बरोबर होते. मग कागदाला जी कसोटी लावली तीच गच्चीला का लावली नाही? पुढे राष्ट्रपतींच्या दयेच्या अधिकारावरून प्रकरण पुन्हा न्यायालयात आले, तेव्हा राष्ट्रपती पुरावा स्वतः तपासून वेगळ्या निष्कर्षाला येऊ शकतात, असे सर्वोच्च न्यायालयानेच सांगितले. पण ६ जानेवारी १९८९ रोजी केहर सिंगला फाशी झाली. त्यानंतर चिकित्सा फक्त आपल्यासारख्यांनी करायची उरली.

मघाशी ज्या घसरणीविषयी म्हटले ती आता सांगता येईल. कट गुप्तपणे होतो, म्हणून पुरावा कमी मिळतो. हे झाले पुरावा नसण्याचे कारण. पण हळूहळू तेच कारण पुराव्याच्या जागी येऊन बसते. ते गुपचूप बोलले, म्हणून कट. पुरावा नाही, म्हणजे कट फारच हुशारीने केला असणार! असे म्हणायला लागलो की ज्याच्याविरुद्ध काहीच नाही तो सर्वांत मोठा कटवाला ठरेल. १८३८ साली इंग्लंडमध्ये हॉजच्या खटल्यात न्यायाधीश ऑल्डरसन यांनी ज्युरीला सावध केले होते, की मनाला तुकडे एकमेकांना जुळवण्यात गोडी वाटते, आणि गरज पडली तर ते थोडे ताणूनही मन ते जुळवते. मन जितके हुशार तितका हा धोका मोठा. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने हा इशारा १९५२ च्या हनुमंत गोविंद नारगुंडकर खटल्यात उद्धृत केला. तो खटला मध्य प्रदेशातल्या मद्यकारखान्याच्या निविदेचा होता, खुनाचा नव्हता. पण कायदा शिकणाऱ्याने पहिल्याच दिवशी तो वाचावा.

राजीव गांधी हत्या खटल्यात हा धोका आणखी स्पष्ट दिसतो. १९९८ साली विशेष न्यायालयाने सव्वीसच्या सव्वीस आरोपींना फाशी सुनावली. १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांतल्या एकोणीस जणांना खुनाच्या कटातून मुक्त केले. ओळख होती, आसरा दिला, संघटनेबद्दल प्रेम होते, एवढ्याने कोणी खुनाच्या कटात येत नाही, हे त्या निकालाने सांगितले. एकोणीस माणसे म्हणजे गच्चीवरच्या बोलण्याला चाळणी लावल्यावर काय उरते त्याचे उत्तर आहे. पण चौघांची फाशी कायम राहिली. त्यांत पेरारिवलन होता. त्याने ९ व्होल्टच्या दोन बॅटऱ्या आणून दिल्या होत्या. बॅटऱ्या आणल्या हे कृत्य. कशासाठी आणतोय हे ठाऊक होते का, हा खरा प्रश्न. त्याचे उत्तर पोलीस अधिकाऱ्याने नोंदवलेल्या कबुलीजबाबातून घेतले गेले. २०१३ साली तो जबाब नोंदवणाऱ्या निवृत्त अधिकाऱ्यानेच जाहीरपणे सांगितले, की बॅटऱ्या कशासाठी हे आपल्याला माहीत नव्हते, असे पेरारिवलन म्हणाला होता, पण ते वाक्य आपण लिहिले नाही. पुढे फाशीची जन्मठेप झाली होती, आणि मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याची सुटका केली. तोवर तुरुंगात तीस वर्षांहून अधिक काळ गेला होता. एक वाक्य गाळले गेले आणि बॅटरीचा अर्थ बदलला.

आजकाल गच्चीच्या जागी मोबाइल आला आहे. कॉलच्या नोंदी, टॉवरचे ठिकाण. इलेक्ट्रॉनिक पुराव्याला प्रमाणपत्र हवेच, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली अर्जुन पंडितराव खोतकर खटल्यात, म्हणजे आपल्या जालन्याच्या निवडणुकीवरून निघालेल्या वादात, पक्के केले. ठीक आहे, नोंद खरी आहे हे प्रमाणपत्राने कळेल. पण नोंद सांगते काय? दोन फोन बोलले, इतक्या वेळी, इतका वेळ. काय बोलले हे ती सांगत नाही. आकडे छापलेले असतात म्हणून ते गच्चीपेक्षा भक्कम वाटतात, पण साध्यापासून ते तितकेच दूर आहेत.

तेव्हा कटाच्या खटल्यात पंचशीलाच्या जोडीला तीन प्रश्न विचारावेत असे आम्हाला वाटते. पहिला, ही परिस्थिती कट गृहीत न धरता सिद्ध झाली आहे का? दुसरा, तिच्यातून ठरवणे दिसते, की नुसती ओळख, सहानुभूती किंवा माहिती? तिसरा, गुप्ततेलाच आपण पुरावा म्हणून मोजत तर नाही ना? मिर्झा अकबरची पत्रे तिन्ही प्रश्नांना पुरून उरतात. केहर सिंगची गच्ची दुसऱ्या प्रश्नालाच अडते.

एका श्रोत्यांची चिठ्ठी आली आहे : “सर, मग सूत्रधार असेच सुटत राहणार का? तो गोळी झाडत नाही, पत्र लिहीत नाही, फोनवर बोलत नाही.” प्रश्न रास्त आहे. दाभोलकरांच्या पुलावरून जाताना तो आम्हालाही टोचतो. आमचे उत्तर असे, की सूत्रधाराला पकडायची जागा निकालपत्र नव्हे, तपास आहे. पैसा कोणी दिला, हत्यार कुठून आले, गाडी कोणाची, कोण कुठे राहिले, हे पहिल्या दिवसांत गोळा होते किंवा कायमचे हरवते. तपासात जे हरवले ते न्यायाधीशाने अनुमानाने भरून काढावे असे म्हणणे म्हणजे घरच्या विहिरीला पाणी नाही म्हणून शेजाऱ्याच्या हंड्यावर हक्क सांगणे. आज तो हंडा आपल्याला आवडणाऱ्या बाजूने रिकामा होईल, उद्या आपल्याच कोणावर तरी.

दाभोलकर आयुष्यभर सांगत राहिले, पुरावा मागा. त्यांच्या खुनाच्या खटल्यात ती मागणी सैल करा असे आपल्याला म्हणता येणार नाही. तपास का सैल राहिला, हे मात्र विचारता येईल, आणि विचारत राहिले पाहिजे.

पुढच्या वेळी शब्दप्रमाण घेऊ, आणि त्यात माफीच्या साक्षीदाराचा विचार करू. इथे थांबतो.